भागूचा नंबर

लग्नाच्या कॅसेटमध्ये नवरीला गुलाबाच्या फुलातून बाहेर काढायची कला ओतूर परिसरात पहिल्यांदा मी आणली. त्याआधीच्या नवऱ्या नुसत्याच स्टेजवर बसलेल्या दिसायच्या, घामाघूम आणि वैतागलेल्या. मी मिक्सिंगचं मशीन घेतलं आणि पडद्यावर कळी उमलायला लागली, कळीतून नवरी यायला लागली, तिच्यामागून नवरदेव. हे बढाई म्हणून सांगत नाही. म्हणजे थोडी बढाई आहेच, पण पुढे याच गुलाबानं एका मानी माणसाची पंचाईत केली, म्हणून आधी सांगून ठेवलं.

सत्त्याण्णव सालच्या चैत्रात, ऐन लग्नसराईत, गेणभाऊ माझ्या दुकानात आले. गेणभाऊ आणे गावचे. त्यांचा सिनेमाचा तंबू होता. जिथं यात्रा तिथं तंबू. दुपारी कुस्त्या, दिवेलागणीनंतर गेणभाऊंचं पिक्चर. लहानपणी आम्ही त्या तंबूच्या कडेनं आत घुसायचो आणि गेणभाऊ आमचे पाय धरून बाहेर ओढायचे. आता तंबूही विरला होता आणि गेणभाऊही. ते खुर्चीत बसले, तांब्याभर पाणी प्यायले आणि म्हणाले, "सुनीलराव, एक पिक्चर काढून द्यायचं. महायुद्धानंतर लोकांनी शहर परत कसं उभं केलं, त्याचं."

मी म्हटलं, या आठवड्यात माझ्याकडे लग्नांची रांग लागलीय, महायुद्ध जमणार नाही.

"समदं न्हाई वो. आख्खं पिक्चर हाये माझ्याकडं. फकस्त शेवट पायजे."

मग त्यांनी हकिकत सांगितली, आणि ती ऐकताना माझा चहा गार झाला.

पूर्वी असा नियम होता की मुख्य पिक्चरच्या आधी माहितीपट दाखवायचा. लोकांना आधी शहाणं करायचं, मग नाचगाणी. गेणभाऊंनी मशीन विकत घेतलं तेव्हा त्याच्याबरोबर एक डबा आला होता आणि डब्यात हा माहितीपट. कुठल्याशा लांबच्या देशातलं शहर, लढाईत पार जमीनदोस्त झालेलं, आणि तिथली माणसं ते पुन्हा कसं उभारतात याची काळीपांढरी गोष्ट. शहराचं नाव सुरुवातीलाच येत असणार, पण सुरुवात कधीच झिजून गेली होती. मागून एक गंभीर आवाज हिंदीत बोलायचा, "और फिर, धीरे-धीरे, शहर ने साँस ली." खालच्या गावांत हा आवाज सुरू झाला की लोक शिट्ट्या मारायचे, नाहीतर विड्या आणायला उठायचे. म्हणून गेणभाऊ दर हंगामाला रिळाच्या शेवटाकडचा तुकडा कापत आले, मारामारीचं पिक्चर जरा लवकर सुरू व्हावं म्हणून. कापता कापता त्या लोकांची नवी इमारत गेली, मंत्री गेला, त्यानं कापलेली उद्घाटनाची फीत गेली. शहर तेवढं अर्धवट राहिलं.

हे खाली कुणाच्या लक्षातही आलं नाही. पण घाटघरच्या पलीकडे डोंगराच्या पोटात एक वाडी आहे, तिथली गोष्ट वेगळी. ती वाडी मारामारीच्या पिक्चरला जांभया द्यायची आणि माहितीपटाला सावरून बसायची. कारण त्यात बायामाणसं रांग करून हातोहात विटा-दगड देताना दिसायची आणि वाडीच्या मते ती पडकई होती. पडकई म्हणजे सगळ्यांनी मिळून एकेकाच्या उतारावर राबायचं. दगडाचा बांध घालायचा, मागं माती भरायची, की झालं भाताचं खाचर. आज तुझ्या रानात, उद्या माझ्या. मजुरी कुणी घ्यायची नाही, ज्याचा नंबर असेल त्यानं जेवू घालायचं. डोंगरात एकट्याच्यानं खाचर होत नाही, त्यामुळे तिथं नंबर म्हणजे सगळ्यात मोठी गोष्ट. माणूस एक वेळ लग्नावाचून राहील, नंबरावाचून नाही.

त्यामुळे वाडीनं ते शहर अगदी आपलं करून टाकलं होतं. तिथले गवंडी बांध जरा सरळ घालतात, टिकायचा नाही, असं जुन्या माणसांचं मत होतं. बायकांची तक्रार वेगळी होती. साऱ्या पिक्चरभर माणसं राबतात आणि एकदाही कुणी जेवताना दिसत नाही, म्हणजे तिथले घरधनी चिकट असणार. एका यात्रेला कुशाबाई नावाच्या म्हातारीनं भाकरी आणि पिठलं ताटात घालून पडद्याखाली ठेवलं होतं. ते कुत्र्यानं खाल्लं, पण वाडीला बरं वाटलं.

आणि त्यात भागू होती. म्हणजे तिकडची एक बाई, जाडजूड, लांब कोट, डोक्याला रुमाल बांधून हनुवटीखाली गाठ मारलेली, एका पायानं किंचित लंगडणारी. तिचं भागू हे नाव वाडीनं ठेवलेलं. भागू शाळेच्या भिंतीला दगड देताना दिसायची, पुलाच्या रांगेत दिसायची, कुणा दुसरीच्या घराला विटा देताना दिसायची. सगळ्यांच्या पडकईला हजर. अगदी शेवटी ती एका ढिगाऱ्यापुढं एकटी उभी राहायची, वाकून एक वीट उचलायची, आपल्याकडे बघायची, आणि तिथं पडदा पांढरा व्हायचा.

गेल्या यात्रेला पडदा पांढरा झाल्यावर पुढच्या रांगेतून सोनीबाई उठली. ही पन्नाशीची विधवा, वाडीच्या सगळ्यात खालच्या घरात एकटी राहायची. तिनं विचारलं, "आन भागूचा नंबर कवा?" गेणभाऊ म्हणाले, पुढल्या साली. माणूस वेळ मारून न्यायला जे बोलतो तेच ते बोलले. पण वाडीनं ते धरून ठेवलं. यंदा त्यांचा टेम्पो वाडीजवळ पोचला तेव्हा वाडीचा म्होरक्या जानकू चार माणसं घेऊन रस्त्यातच उभा होता. जानकू पडकईचा कारभारी, नंबर लावणारा. त्यानं सरळ विचारलं, भागूचा नंबर आणलाय का. गेणभाऊंनी आठवेल तसं सांगितलं की शेवटी सगळं नीट होतं, मोठा माणूस येतो, फीत कापतो. तेव्हा भिका नावाच्या एकानं विचारलं, फीत कुणाच्या दारात कापली? भागूच्या का? गेणभाऊ तिथंच हरले.

जानकूनं निकाल दिला. जी बाई सगळ्यांच्या रानात राबली तिचाच नंबर गाळायचा, हे असलं पोरांसमोर दाखवायचं नाही. भागूचा नंबर लागत नाही तोवर तंबू लागणार नाही. वाडीचं बघून शेजारच्या वाड्यांनीही तेच धरलं. केबल न पोचलेल्या तेवढ्याच यात्रा गेणभाऊंना उरल्या होत्या.

"खाली केबल, वर भागू," ते म्हणाले. "मी मधी. यात्रा तोंडावर आली, राव. हा हंगाम गेला तर तंबू कांदा झाकायला द्यावा लागंल."

मला त्यांची दया आली. शिवाय आपण नवरा-नवरीपलीकडं काही काढू शकतो हे तालुक्याला दाखवायची खुमखुमीही होती. मी हो म्हटलं.

जीपमध्ये कॅमेरा, हॅलोजन, बॅटऱ्या आणि उजेड परतवायला थर्माकोलची शीट घेतली. गेणभाऊंनी जुन्नरच्या बाजारातून जुन्या कपड्यांच्या ढिगातला एक लांब कोट आणला. तो बहुधा कुठल्यातरी पहारेकऱ्याचा असावा. चैत्राच्या उन्हात तो नुसता बघूनच मला घाम फुटला.

वाडीत पोचलो तर माणसं अंघोळी करून बसलेली. शेजारच्या वाडीचीही आली होती. मी पहिलाच प्रश्न विचारला, भागू कोण होणार? जानकूनं आपल्या सुनेचं, रुपालीचं नाव पुढं केलं, कारण ती रंगानं उजळ होती आणि तिकडचे लोक उजळ असतात. रुपालीनं कोटाकडं पाहिलं आणि घरात निघून गेली. बाकीच्या बायकांनी मात्र न बोलता सोनीबाईकडं मान केली. बांधा तोच, लंगडणंही तेच. हे लंगडणं तिला जानकूच्याच खाचराचा बांध घालताना आलं होतं. पायावर दगड पडला होता.

सोनीबाईनं लुगड्यावरनं कोट चढवला, डोक्याला रुमाल बांधला, गाठ हनुवटीखाली घेतली. मागून कुशाबाई म्हणाली, हुबेहूब. आणि खरंच, मला क्षणभर ती काळीपांढरी दिसली.

दुसरा प्रश्न घराचा होता. मूळ पिक्चरमध्ये शहर होतं, घरं होती, तेव्हा आपण एखादी विटांची भिंत उभारू, असं मी सुचवलं. जानकूनं माझ्याकडं लहान मुलाकडं बघावं तसं पाहिलं. रानच नसेल तर नुसत्या घरात बसून भागू खाणार काय, असं त्यानं विचारलं. आधी खाचर, मग घर. मी म्हटलं, अहो, शहरात खाचर नसतं. तो म्हणाला, म्हणूनच त्यांच्यावर ही वेळ आली. मी कॅमेऱ्याची तिपाई खांद्यावर टाकली आणि विचारलं, मग उतार तरी कुणाचा घ्यायचा?

"माझा घ्या," सोनीबाई कोटाच्या आतून म्हणाली.

सगळी वाडी एकमेकांकडं बघायला लागली. मला वाटलं तिथं उजेड बरोबर नसेल. मी उजेड बघायला कॅमेरा चालूही केला. तेव्हा थर्माकोल धरून उभा असलेला भिका हळू आवाजात मला सांगू लागला.

वाडीत नंबर वरून लागायचा. सगळ्यात वरचं रान जानकूचं, म्हणून पहिला नंबर जानकूचा. तिथून एकेक घर करत खाली यायचं. सगळ्यात खाली सोनीबाई. तिचा नंबर यायच्या आत पाऊस यायचा आणि काम थांबायचं. दुसऱ्या वर्षी मागच्या साली थांबलो तिथून पुढं जायला हवं, पण पावसानं वरचे बांध थोडेफार फुटलेले असायचे, मग जानकू म्हणायचा, आधी हे नीट करू. की पुन्हा वरून सुरुवात. सोनीबाई नवरी होऊन आली तेव्हापासून हे असंच चाललेलं. नवरा होता तोवर दोघं सगळ्यांच्या रानात राबले, तो गेल्यावर ती एकटी. नवरा होता तेव्हा तो संकोची, आणि तो गेल्यावर तिला काही बोलायची सोय राहिली नाही. तिच्या उतारावर नाचणीशिवाय काही येत नव्हतं. भात ती भावाकडून आणायची.

मी जानकूकडं पाहिलं. तो वाईट माणूस नव्हता. वाईट माणूस असता तर त्यानं सरळ नाही म्हणून सांगितलं असतं. त्याच्या चेहऱ्यावर हिशेब चालू होता. सोनीबाईचा नंबर आज लावला तर इतकी वर्षं गाळला हे कबूल केल्यासारखं होणार, आणि मधली घरं विचारणार, तिला आमच्या आधी कसं? नाही म्हणावं तर भागूचं पिक्चर अडणार, आणि ते अडवणारा तोच. बराच वेळ त्यानं मिशी ओढली. मग घसा साफ केला आणि सगळ्यांकडं तोंड करून, पुढारी बोलतात तसा, म्हणाला,

"समद्यांनी ऐका. ही पडकई भागूची. सोनीबाईची न्हाई. उतार नुसता पिक्चरसाठी घेतलाय. नंबर भागूचा."

त्यानं ते सगळ्यांकडून वदवून घेतलं. शेवटी सोनीबाईला विचारलं. तिनं कोटाच्या खिशात हात घातले आणि शांतपणे म्हणाली, "भागूचाच."

काम सुरू झालं आणि माझी अब्रू गेली. मी 'ॲक्शन' म्हणायच्या आधीच रांग लागली आणि 'कट' म्हटल्यावर कुणी थांबेना. मी ओरडलो तर भिका म्हणाला, भाऊ, तुमी तुमचं काम करा, आमी आमचं करतो. एक मोठा दगड बसवताना मधे माझी टेप संपली. मी म्हटलं, तो दगड काढा, पुन्हा बसवा. जानकू म्हणाला, बसवलेला दगड उठवत नाहीत. मी म्हटलं, नुसता सिनेमासाठी. तो म्हणाला, सिनेमासाठी असला तरी बसला तो बसला. शेवटी मी त्यांना विनवलं की निदान कॅमेऱ्याकडं बघून हसू तरी नका, तिकडं लढाई झालेली आहे. हे मात्र त्यांना पटलं. त्यानंतर सगळे असे सुतकी चेहरे करून दगड द्यायला लागले की मला हसू आवरेना.

दुपारी सोनीबाईनं जेवण घातलं. बाजरीच्या भाकरी, हुलग्याचं कालवण, मिरचीचा ठेचा. कोट न काढताच ती वाढत होती, घामानं निथळत. मला म्हणाली, हे नीट घ्या, तिकडं दाखवलं न्हाई. मी घेतलं. पंगत उठेपर्यंत घेतलं. युद्धानंतरच्या उभारणीवरच्या कुठल्याही माहितीपटात इतकं जेवण नसेल.

मला एका दिवसाचं सांगून नेलं होतं, तीन दिवस लागले. पहिल्या दिवशी माणसं पिक्चर म्हणून आली होती. दुसऱ्या दिवशी कुणी कॅमेऱ्याकडं बघेना. तिसऱ्या दिवशी दुपारून बांधाचा शेवटचा दगड बसला, माती सपाट झाली, आणि माणसं घाम पुसत बाजूला झाली. सोनीबाई एकटी त्या मातीवर उतरली. पायातलं काढून ठेवलं आणि या टोकापासून त्या टोकापर्यंत चालत गेली, मग परत आली. एवढंच. पण आयुष्यभर ती तिथं तिरकी उभी राहिली होती, एक पाय वर एक पाय खाली, आणि आज सरळ चालत होती. मी झूम करायचं विसरलो. मला भरून आलं, खोटं कशाला सांगू.

ओतूरला येऊन मी एका बैठकीत कॅसेट जोडली. सुरुवातीला गुलाब उमलतो आणि त्यातून भागू येते, कोटासकट. मागं सनई. सनई लढाईला चालते का, असं गेणभाऊंनी विचारलं. मी म्हटलं, लढाई संपलीय ना. मग एक दुसरा गुलाब. लग्नाच्या कॅसेटमध्ये पुढाऱ्यांचं शुभाशीर्वादाचं भाषण ठेवायची मला सवय, ते नसलं तर पार्टी पैसे देत नाही. इथं उजेड बघताना जानकूचं भाषण आपोआप टेपवर आलं होतं. माणूस बोलताना रुबाबदार दिसत होता, आवाजही खणखणीत. मी त्यालाही गुलाबातून काढला.

यात्रेच्या दिवशी तंबू लागला. गेणभाऊंनी नवा सदरा घातला होता. पडद्यापुढं टेबलावर त्यांनी माझा रंगीत टीव्ही ठेवला, वर टॉवेल झाकलेला. जनरेटर धडधडायला लागला, मशीन फिरलं, शहर ढासळलेलं दिसलं. मागच्या आवाजाबरोबर पोरं तोंडपाठ म्हणायला लागली, "और फिर, धीरे-धीरे, शहर ने साँस ली." भागू शाळेपाशी आली, पुलापाशी आली, ढिगाऱ्यापुढं एकटी उभी राहिली. वाकली, वीट उचलली, आपल्याकडं पाहिलं. पडदा पांढरा झाला. मी टॉवेल काढला आणि टीव्ही लावला.

गुलाबातून भागू बाहेर आली. रंगीत झाली होती, थोडी लहान झाली होती, पण होती भागूच. टीव्ही पुढच्या रांगांनाच दिसत होता, म्हणून पुढचे मागच्यांना सांगायला लागले आणि मागचे त्याच्या मागच्यांना, दगड दिला, दगड घेतला, बांध वर आला. सगळं पिक्चर दगडासारखंच हातोहात मागं गेलं. त्या शहरात जानकू कसा, भिका कसा, असं कुणीही विचारलं नाही. फक्त कुशाबाई म्हणाली, जानकू लई लांबवर जाऊन आला. जेवण आलं तेव्हा तंबूभर समाधानाचा आवाज झाला, आणि सोनीबाई खाचरातून चालत गेली तेव्हा कुणी हललं नाही.

पिक्चर संपलं. जानकू उठला. छाती पुढं होती. त्यानं सगळ्यांना विचारलं, झाला का भागूचा नंबर? सगळे म्हणाले, झाला. कुणाचं काही म्हणणं? कुणाचं काही नव्हतं. गेणभाऊंनी डोळे मिटून कुणाला तरी हात जोडले आणि मारामारीचं रीळ चढवायला वळले.

तेव्हा पुढच्या रांगेतून सोनीबाई उठली. कोट तिच्या अंगावरच होता, गेणभाऊंनी मुद्दाम घालून बसायला सांगितलं होतं.

"भागूचा झाला," ती म्हणाली. "माझा कवा?"

जानकू आधी हसला. म्हणाला, अगं, तुझ्याच उतारावर तर झालं. आता अजून काय?

"ते भागूचं. तुमीच सांगितलं, जानकूदादा. समद्यांनी ऐकलं."

मागून कुणीतरी म्हणालं, आमाला नीट ऐकू आलं न्हाई, पुन्हा लावा. मी मुकाट्यानं कॅसेट मागं घेतली. गुलाब उमलला. पाकळ्या बाजूला झाल्या आणि त्यातून जानकू वर आला, मिशी ओढत, सनईच्या सुरात, आणि खणखणीत म्हणाला, "ही पडकई भागूची. सोनीबाईची न्हाई." भिका म्हणाला, अजून एकदा. मी अजून एकदा लावलं. जानकू पुन्हा गुलाबातून आला. माझ्या कारकिर्दीत गुलाबातून आलेल्या कुणाचंही तोंड इतकं पडलेलं मी पाहिलं नव्हतं. टीव्हीतलं नव्हे, टीव्हीपुढचं.

तिसऱ्यांदा लावायची वेळ आली नाही. जानकूनं हात वर केला.

सोनीबाई अजून उभीच होती. आवाज न चढवता ती म्हणाली, तिच्या रानात खाली अजून उतार आहे, पावसाला अजून अवकाश आहे. मग जो प्रश्न ती नवरी होऊन आल्यापासून मनात ठेवून होती तो विचारला.

"नंबर वरून लावनार का खालून?"

जानकूनं पागोटं काढून हातात घेतलं. सगळी वाडी त्याच्याकडं बघत होती, आणि शेजारची वाडीही. बांध फुटला तर पुन्हा घालता येतो, पण चारचौघांत गेलेली अब्रू परत बसवता येत नाही, हे त्याच्याइतकं कुणाला कळणार? मग तो म्हणाला, "खालून. उद्यापासनं."

सोनीबाईनं तिथंच कोट उतरवला. त्याची नीट घडी घातली आणि गेणभाऊंच्या हातात दिली. म्हणाली, हा भागूचा, डब्यात ठेवा. मग खाली बसली आणि मारामारीचं पिक्चर सगळं पाहिलं. मधे एकदा हसलीसुद्धा.

सकाळी माझी जीप निघायची होती. ओतूरला दुपारचं लग्न होतं, पार्टी मोठी, दोन कॅमेरे सांगितलेले. वाटेत सोनीबाईचा उतार लागतो. नव्या खाचराच्या खाली रांग लागली होती आणि सगळ्यात पुढं, काष्टा घट्ट मारून, ती स्वतः उभी होती. रांगेच्या अगदी शेवटी, जिथं माणूस कमी पडत होता, तिथं जानकू दोन माणसांचं अंतर एकटा चालून दगड पोचवत होता. ड्रायव्हरनं दोनदा हॉर्न दिला. मी कॅमेरा जीपमध्ये ठेवला, बूट काढले आणि जानकूच्या शेजारी जाऊन उभा राहिलो.

त्या दिवशी ओतूरच्या नवरीला गुलाबातून कुणी बाहेर काढलं ते मला माहीत नाही. माझ्या हातात पहिला दगड आला तो चांगलाच जड होता.